राइट-क्लिकचा मेनू, रजिस्ट्री आणि एक चुकीचा सल्ला

विंडोज वापरणाऱ्यांमध्ये एक सल्ला सतत फिरत असतो. रजिस्ट्रीमध्ये, म्हणजे विंडोजच्या सेटिंग्ज जिथे साठवलेल्या असतात त्या डेटाबेसमध्ये, मेनूचा विलंब शून्य करा, राइट-क्लिकच्या मेनूतील नको त्या नोंदी बिनधास्त पुसा, म्हणजे संगणक वेगवान होईल. आणि काही बिघडलेच, तर रीस्टार्ट केल्यावर सारे पूर्ववत होते, असा त्याचा आशय असतो. मेनू आपल्या सोयीने बदलणे हा वापरणाऱ्याचा हक्कच आहे असे मी मानतो, आणि म्हणूनच त्यासाठी दिला जाणारा सल्ला खरा असला पाहिजे. हा सल्ला तपासून पाहता टिकत नाही.

प्रथम वेगाविषयी. रजिस्ट्रीतील ‘मेनूशोडिले’ (MenuShowDelay) ही व्हॅल्यू, म्हणजे नावासह साठवलेली सेटिंग, मुळात ४०० मिलिसेकंद असते आणि माउसचा बाण एखाद्या पर्यायावर थांबल्यानंतर त्याचा उपमेनू किती वेळाने उघडावा, एवढेच ती ठरवते. प्रोसेसर, मेमरी किंवा डिस्क यांच्या कामाशी तिचा संबंध नाही. ती शून्य केल्यास बाण ज्या पर्यायावरून नुसता सरकतो त्याचाही उपमेनू लगेच उघडतो, आणि हे पुष्कळांना त्रासदायकच वाटेल.

मेनू खरोखर अडखळत असेल, तर कारण बहुधा वेगळे असते. अनेक प्रोग्राम इन्स्टॉल होताना राइट-क्लिकच्या मेनूसाठी आपापले हँडलर, म्हणजे मेनूत पर्याय घालणारे छोटे घटक, नोंदवतात; हे हँडलर थेट एक्सप्लोररच्याच (फाइल व फोल्डर दाखवणाऱ्या विंडोजच्या प्रोग्रामच्या) प्रोसेसमध्ये लोड होतात, मेनू उघडताना प्रत्येकाला त्याचे पर्याय विचारले जातात, आणि त्यांतला एक जरी नेटवर्कच्या उत्तरासाठी खोळंबला तरी संपूर्ण मेनू थांबतो. २०२१ मध्ये विंडोज ११ सोबत आटोपशीर मेनू आणताना मायक्रोसॉफ्टने दिलेल्या कारणांत हेही होते. त्यामुळे रजिस्ट्रीतून जुना मेनू परत आणल्यास सोय होते, हे मान्य. पण वेग वाढत नाही, उलट तेच हँडलर पुन्हा पहिल्या क्लिकला समोर येतात. (जुना मेनू अधूनमधूनच लागत असेल, तर शिफ्ट दाबून राइट-क्लिक करणे पुरेसे आहे.)

नोंदी पुसण्याचा सल्ला अधिक घातक आहे. रजिस्ट्रीत प्रत्येक फाइलप्रकाराखाली असलेली ‘ओपन’ ही नोंद मेनूत दिसते आणि सामान्यतः डबल-क्लिकही तिच्यावरच चालतो. ती मेनूतून काढली की डबल-क्लिकचे वर्तन बदलते. नोंद न पुसताही ती दृष्टीआड करता येते: तिच्या कीमध्ये (की म्हणजे रजिस्ट्रीतला फोल्डरसारखा कप्पा) ‘एक्स्टेंडेड’ (Extended) नावाची रिकामी स्ट्रिंग व्हॅल्यू ठेवल्यास तो पर्याय केवळ शिफ्ट दाबल्यावरच दिसतो.

रीस्टार्टने काहीही पूर्ववत होत नाही. रजिस्ट्री एडिटरमध्ये केलेला बदल तत्काळ रजिस्ट्रीत नोंदवला जातो, डिस्कवर साठवला जातो आणि तिथे ‘अनडू’ची सोय नाही. म्हणून बदलापूर्वी ती की एक्स्पोर्ट करून ठेवणे आवश्यक आहे. मात्र एक्स्पोर्ट केलेली फाइल पुन्हा आयात केल्यावर तिच्यातील मजकूर विद्यमान रजिस्ट्रीत मिसळला जातो: बदललेल्या व्हॅल्यू मूळ स्थितीत येतात, पुसलेल्या परत मिळतात, पण नव्याने तयार केलेल्या की तशाच राहतात. त्या हातानेच काढाव्या लागतात, आणि त्यासाठी आपण कोणत्या की तयार केल्या हे आधीच लिहून ठेवलेले असावे लागते.