खुलासा : नाशिकचे दोन बिशप आणि एक फिरता मेसेज

‘नाशिकला दोन-दोन बिशप कसे? एक तोतया असणार. मुंबईच्या आर्चबिशपांनी याला काढावं,’ असा मेसेज सध्या ग्रुपांवर फिरतो आहे. दोघेही खरेच आहेत.

एक कॅथलिक चर्चचे. त्यांचा नाशिक धर्मप्रांत, म्हणजे बिशपांच्या देखरेखीखालचा विभाग, 1987 साली पुण्याच्या धर्मप्रांतातून वेगळा झाला. दुसरे चर्च ऑफ नॉर्थ इंडियाचे. त्यांचा नाशिक धर्मप्रांत अँग्लिकन (चर्च ऑफ इंग्लंडच्या परंपरेच्या) काळातला, 1929 चा. 1970 मध्ये अनेक प्रोटेस्टंट चर्च एकत्र आली तेव्हा तो या नव्या चर्चमध्ये गेला. म्हणजे वयाने मोठा कोण, ते बघा! या चर्चचे बिशप विवाहित असू शकतात, त्यामुळे ‘बिशपांच्या पत्नीचा फोटो’ हा काही तोतयेगिरीचा पुरावा नव्हे.

आता आर्चबिशप. कॅथलिक नाशिक धर्मप्रांत मुंबईच्या प्रांतात (धर्मप्रांतांच्या गटात) येतो हे खरं, पण मुंबईचे आर्चबिशप नाशिकच्या कॅथलिक बिशपांचे साहेब नव्हेत. बिशपांची नेमणूक पोप करतात, काढणंही त्यांच्याच हातात. चर्च ऑफ नॉर्थ इंडियाच्या बिशपांशी तर मुंबईच्या या आर्चबिशपांचा संबंधच नाही.

मेसेजच्या शेवटी डिकन, फादर, मदर सुपिरियर, बिशप, कार्डिनल अशी बढतीची शिडीही दिली आहे. दीक्षेच्या पायऱ्या तीनच : डिकन (धर्मगुरूच्या खालची पायरी), धर्मगुरू म्हणजेच फादर, आणि बिशप. कार्डिनल हे पोपांनी दिलेलं पद, चौथी दीक्षा नव्हे. आणि मदर सुपिरियर या शिडीवर नसतातच. त्या आपल्या मठाच्या किंवा संघाच्या प्रमुख, तेही बहुधा ठरावीक मुदतीपुरत्या. मुदत संपली की पुन्हा साध्या सिस्टर.