भांडणाला बूड हवं

‘आधी वैर, मग प्रेम’ हा साचा गुळगुळीत झालाय, हे प्रेमकथांवरच्या लेखातलं म्हणणं मला अर्धंच पटलं. साच्याचं काही बिघडलेलं नाही हो, भांडणंच लुटुपुटुची असतात. एका फोनवर मिटेल अशा गैरसमजावर दोनशे पानं काढली की वाचक कंटाळणारच. समजा, दोन मुलींची प्रेमकथा आहे: आमच्या बडोद्याच्या फाइन आर्ट्समधल्या शिल्पकलेच्या दोघी. मातीची शिल्पं भाजायची भट्टी सामाईक. एकीने ती गार व्हायच्या आत दार उघडलं आणि दुसरीचं परीक्षेचं काम तडकलं. हे ‘सॉरी’ने भरून निघत नाही. तिथून प्रेमापर्यंत यायला लेखिकेला घाम फुटेल, आणि मला तेच वाचायचंय.

शिवाय दोघी मुली असल्या की घरचा जाच उशिरा सुरू होतो. ‘मैत्रीण आहे’ म्हटलं की दांडिया बाजारातली कुठलीही आजी पोह्यांची बशी पुढे करते! बाहेरून अडथळा नाही, म्हणून आतलं वैर लागतं. लेखात हे सुटलंय.

आणि गोड शेवटाला नाकं का मुरडायची? विजय तेंडुलकरांच्या ‘मित्राची गोष्ट’ या नाटकात (१९८१) मुलीवर प्रेम करणाऱ्या मित्राच्या, म्हणजे सुमित्राच्या, वाट्याला मरणच आलं. समलिंगी संबंधांना गुन्हा ठरवणाऱ्या कलम ३७७ चा फास सुटायला २०१८ उजाडलं. आता दोघी जगल्या, नांदल्या तर बिघडलं कुठे?