ट्यूनर ॲपच्या नावानं चांगभलं

"तंबोरा लावायला ॲप वापर गं" असं पुन्हा कुणी मला म्हटलं ना, तर भोपळ्यासकट तंबोरा घालीन टाळक्यात. सव्वा तास गेला माझा काल. सव्वा तास! चार तारा लावायला!

श्रावणातला सोमवार, सातला देवळात भजन, बाहेर फोंड्याचा पाऊस कौलांवर धो धो, आणि या दिवसांत खुंट्या फुगून अशा घट्ट बसतात की हलता हलत नाहीत, खडू लावावा तर सर्रकन सुटतात. त्यात भाचा हजर. "आत्या, कान कशाला पिळतेस, ॲप आहे ना."

घेतलं बाबा ॲप. आता माझी पट्टी काळी चार, म्हणजे माझा सा पेटीच्या चौथ्या काळ्या पट्टीवर, जी शार्पवर, आणि ॲप आपलं गिटारवर सेट, त्याच्या जगात ई ए डी जी बी सोडून सूरच नाहीत. काळी चारचा पंचम येतो डी शार्पवर, पण साहेबांना हवा ई, म्हणून म्हणे चढवा, अजून चढवा. भाच्याने चढवली. दमट हवेत आधीच गंजलेली तार, गेली तटकन, माझा डोळा थोडक्यात वाचला. खोळीत एक जादाची होती म्हणून, नाहीतर त्या पावसात तार आणायला गेलं असतं कोण?

मग शोधून शोधून क्रोमॅटिक मोड (बाराही सूर ओळखणारा) सापडला आणि खरा तमाशा तिथून सुरू झाला. खर्ज, म्हणजे खालच्या साची तार, छेडला तर ॲप दाखवतंय सी. अरे माझ्या तंबोऱ्यात सीची तारच नाहीये! वर पुन्हा १४ सेंट (अर्ध्या सुराचे शंभर सेंट) कमी म्हणून लालभडक. दोनदा खुंटी पिळून झाल्यावर डोक्यात उजेड पडला. खर्जाची तार जवारीमुळे (घोडीवर तारेखाली धागा सरकवून आणलेल्या झणझणीत नादामुळे) नुसता खर्ज देतच नाही, तिच्या पाचपट कंपनांचा गंधार तिच्यातून आपोआप वर येतो, आणि फोनच्या त्या टिचभर माइकला १०४ हर्ट्झचा खर्ज धड पकडता येत नाही म्हणून मठ्ठाने गंधार धरला, काळी चारचा गंधार म्हणजेच सी. आणि तो १४ सेंट उतरलेलाच असतो रे! पेटीचा गंधार चढा असतो, हा स्वयंभू. तो बोलावा म्हणून तर माणूस जवारीचा धागा सरकवत बसतो, आणि हे ॲप त्यालाच चूक म्हणतंय.

जोडाची, म्हणजे मधल्या दोन साच्या तारांची, वेगळीच तऱ्हा. एक तार २ सेंट वर, दुसरी २ सेंट खाली, ॲपच्या मते दोन्ही हिरव्या, शाबास. एकत्र छेडल्या तर दर दोन सेकंदांनी वाँव... वाँव... डोलतायत नुसत्या. एका तारेचा मणी (सूर बारीक चढवा-उतरवायचा) केसभर सरकवला, डोलणं थांबलं. हे कुठल्या स्क्रीनवर दिसणार होतं?

आणि जाहिराती! तार लागत येते, हात मण्यावर, तेवढ्यात अख्ख्या स्क्रीनवर कसलातरी गेम नाचायला लागतो, गाण्याबजावण्यासकट, आणि बंद करायची फुली मोहरीएवढी. पंखा बंद, खिडक्या बंद, घामाच्या धारा, बाबांना खोकायचीसुद्धा बंदी. शेवटी ते आतून ओरडले, "कितें गो, तंबोरो लायता काय रेडियो दुरुस्त करता?"

इथून केरी किती लांब आहे? त्या केरीच्या गायिका केसरबाई केरकरांचा आवाज १९७७ साली व्हॉयेजर यानाच्या तबकडीवर बसून अंतराळात निघाला, आणि आम्ही फोंड्यात बसून हिरवा दिवा कधी लागतो त्याची वाट बघतोय.

पेटी जवळ नसेल तर षड्ज कुठे धरायचा तेवढं बघायला ॲप चालेल, ते मी नाही म्हणत नाही. पण त्यापुढे नको रे बाबा.

फोन उपडा टाकला, डोळे मिटले, दहा मिनिटांत लागला. असा लागला की खर्जातून गंधार स्वच्छ बोलायला लागला, बाबाही खोकायचे थांबले. आणि आमचे भाचेसाहेब? फोन हळूच सुलटा करून म्हणतात, "आत्या, थांब थांब, अजून लाल दाखवतंय."