सरकारी वर्गात चालतं, पडद्यावर नको!

'अहो, "न्यूड" सिनेमावर बंदी कुठे होती? झाला की रिलीज!' असं कुणी म्हणालं की माझं डोकंच फिरतं.

झाला हो रिलीज, एप्रिल २०१८ मध्ये. पण त्याआधी काय तमाशा झाला, तो विसरायचा? नोव्हेंबर २०१७, गोव्याचा इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव. १३ जणांच्या ज्युरीने रवी जाधवांचा हा सिनेमा इंडियन पॅनोरमात, म्हणजे महोत्सवाच्या भारतीय सिनेमांच्या विभागात निवडला, तोही उद्घाटनाला. मराठी सिनेमा, उद्घाटनाला! आणि महोत्सव तोंडावर आलेला असताना माहिती व प्रसारण मंत्रालयाने तो यादीतून उडवला. ज्युरीला विचारलंसुद्धा नाही. अध्यक्ष सुजॉय घोष राजीनामा देऊन मोकळे झाले. अरे, ऐकायचंच नव्हतं तर त्या माणसांना ढीगभर सिनेमे बघायला बसवलंत कशाला? टाइमपास म्हणून?

आणि सिनेमात आहे तरी काय? नवऱ्याच्या जाचाला कंटाळून पोराला घेऊन मुंबईत आलेली यमुना. पोटासाठी जे. जे. कला महाविद्यालयात चित्रकलेच्या वर्गात मॉडेल म्हणून बसते. अंगावर कपडा नाही, समोर पोरं कागदावर रेघा ओढतायत, आणि हिच्या डोक्यात एकच, पोराला कळता कामा नये. यात चेकाळण्यासारखं काय दिसलं कुणाला? बरं, जे. जे. तेव्हा कुणाचं? राज्य सरकारचंच! म्हणजे सरकारी कॉलेजात बाई अशी बसली तर तो अभ्यास, आणि तिचे हाल कुणी पडद्यावर दाखवले की दिल्लीला घाम. पुढे सेन्सॉरने 'ए' सर्टिफिकेट दिलं, एकही कट न देता. मग गोव्यात नेमकं काय खुपत होतं?

त्याच यादीतून उडवलेल्या 'एस दुर्गा' या मल्याळम सिनेमाचं तर त्याहून वाईट. दिग्दर्शक सनलकुमार शशिधरन कोर्टात गेला. केरळ हायकोर्टाने सांगितलं, दाखवा. तरी नाही दाखवला! ऐन शेवटच्या दिवशी सेन्सॉरला सिनेमाच्या नावाच्या पाटीवरच्या खुणा खटकल्या, सर्टिफिकेट अडकवलं, महोत्सव संपला. कोर्टात जिंकूनही हा हात हलवत घरी.

आणि आता तर सेन्सॉरविरुद्ध दाद मागायचा अपील लवादही २०२१ मध्ये मोडीत काढलाय. थेट हायकोर्ट गाठायचं म्हणे. कर्ज काढून सिनेमा करणाऱ्याने वकिलाची फी कुठून आणायची, आणि तारखांवर तारखा पडत असताना व्याज कुणी भरायचं? मंत्रालय भरणार आहे का?