पाळी, सराव आणि एक साधी वही

पाळीच्या चक्रावरून सराव ठरवणारा, ग्रुपवर फिरणारा तो तक्ता तुम्हीही पाहिला असेल. पाळीत फक्त योगासनं, दुसऱ्या आठवड्यात वजनं, चौदाव्या दिवशी जोरात धावणं, शेवटच्या आठवड्यात आराम. मुलींना सराव देणाऱ्या सरांनी आणि मॅडमनी, आणि जिमला जाणाऱ्या बायकांनीही, तो मनावर घेऊ नये असं माझं ठाम मत आहे.

या विषयावरच्या ७८ अभ्यासांचा एकत्रित आढावा २०२० साली निघाला. पाळीच्या पहिल्या काही दिवसांत कामगिरी किंचित उतरू शकते, पण फरक इतका लहान आणि बाईगणिक इतका वेगळा की सगळ्यांसाठी एक नियम करता येत नाही, असं त्यातून दिसलं. शिवाय चौदावा दिवस सगळ्यांचा सारखा नसतो. चक्र २१ ते ३५ दिवसांचं असणं नॉर्मल आहे. बीजांड सुटल्यानंतरचा काळ साधारण १२ ते १४ दिवसांचा असतो, लांबतो तो आधीचा. म्हणजे ३३ दिवसांचं चक्र असलेल्या मुलीचं बीजांड एकोणीस-वीसाव्या दिवसाच्या आसपास सुटतं, आणि तक्ता तिला पाच दिवस आधीच पळवतो. गर्भनिरोधक गोळ्या चालू असतील तर हे टप्पेच नसतात. तेव्हा दर महिन्याला होणारा रक्तस्राव गोळ्या मध्ये काही दिवस थांबवल्यामुळे होतो.

पॅरिस ऑलिंपिकमध्ये २०२४ साली वेटलिफ्टर मीराबाई चानूने १९९ किलो उचलले आणि ब्राँझ एका किलोने हुकलं. पाळीचा तिसरा दिवस होता, अशक्तपणा जाणवत होता, हे तिने मोकळेपणाने सांगितलं. ब्रिटनची धावपटू पॉला रॅडक्लिफने २००२ साली शिकागोत पोटात कळा येत असताना २:१७:१८ चा मॅरेथॉनचा विश्वविक्रम केला. आता या दोघींना एकाच तक्त्यात कसं बसवणार?

त्यापेक्षा वही घाला. रोज एक ओळ: तारीख, चक्राचा कितवा दिवस (रक्त दिसलं तो पहिला), किती पॅड लागले, दुखणं ० ते १०, झोप किती तास, उठल्या उठल्या नाडीचे ठोके, आणि आजचा सराव किती जड गेला ते १ ते १० मध्ये. निदान तीन चक्रं लिहा, मगच वाचा. समजा तिन्ही वेळा पाळीच्या आदल्या दोन दिवसांत ४०० मीटरचे तेच रिपीट (पुन्हा पुन्हा धावायचे फेरे), त्याच वेळेत, ६ ऐवजी ८ वाटले आणि झोप साडेपाच तासांवर आली. तर त्या दोन दिवसांत आठ रिपीटऐवजी सहाच करा, वेग तोच ठेवा. काहीच फरक दिसला नाही तर काहीही बदलू नका. वही मुलीचीच. सरांना काय दाखवायचं ते तिने ठरवावं.

आपल्या हवेत एक गोष्ट मात्र जपायची. बीजांड सुटल्यानंतर शरीराचं तापमान ०.३ ते ०.५ अंश सेल्सिअसने चढतं आणि घाम जरा उशिरा सुटतो. गोव्याच्या दमट हवेत तो घाम वाळतही नाही, नुसता ओघळतो. मे महिन्यात किंवा ऑक्टोबरच्या उन्हात बांबोळीच्या ट्रॅकवर त्या आठवड्यात लांब सराव असेल तर सातच्या आत उरका. सरावाआधी आणि नंतर वजन करा. एक किलो घटलं तर सव्वा ते दीड लिटर पाणी पुढच्या काही तासांत घोट घोट प्या, सोबत मीठ घातलेली पेज.

आता रक्त आणि लोह. एका पाळीत सरासरी ३० ते ४० मिली रक्त जातं, म्हणजे १५ ते २० मिलिग्रॅम लोह. ८० मिलीच्या वर म्हणजे जास्त. दर एक-दोन तासांनी पॅड बदलावा लागणं, मोठ्या गाठी पडणं, सात दिवसांपेक्षा जास्त चालणं, यातलं काही असेल तर डॉक्टर गाठाच. २०१९-२१ च्या राष्ट्रीय पाहणीत १५ ते ४९ वयाच्या ५७ टक्के भारतीय स्त्रियांना ॲनिमिया होता. हिमोग्लोबिन १२ च्या वर आहे म्हणून निश्चिंत राहू नका, फेरिटिनही, म्हणजे शरीरातला लोहाचा साठा, तपासा. साठा आधी रिकामा होतो, हिमोग्लोबिन मागाहून घसरतं. चढावर दम लागणारी मुलगी ‘आळशी’ ठरते ती इथेच. तिसऱ्या, खुबे अशा शिंपल्या आणि लिंबू पिळलेली तांबडी भाजी खा, जेवणानंतर तासभर चहा नको. जोरदार सरावानंतर तीन ते सहा तास शरीर लोह कमी शोषतं, म्हणून डॉक्टरांनी दिलेली गोळी सकाळी सरावाआधी घेतलेली बरी.

सगळ्यात जास्त चीड येते ती ‘पाळी बंद झाली म्हणजे सराव बरोबर चाललाय’ या समजुतीची. शरीराला अन्न पुरत नाही म्हणून ते पाळी बंद करतं. आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीने २०१४ साली याला ‘रेड-एस’ हे नाव दिलं. हिशेब साधा आहे. मुलगी ५० किलोची, चरबी २० टक्के, म्हणजे चरबीविना ४० किलो. खाते १८०० कॅलरी, सरावात जातात ६००. उरल्या १२००, म्हणजे किलोला ३०. इथून खाली धोका सुरू. ४५ पर्यंत न्यायचं तर रोज २४०० हव्यात. वरच्या ६०० म्हणजे दोन अंडी, दोन केळी, वाटीभर नाचणीचं तिझण आणि मूठभर शेंगदाणे. एवढं न दिल्यास हाडं ठिसूळ होतात, नडगीत आणि पावलात बारीक फ्रॅक्चर येतात, आणि या वयात हाडांत जे साठलं नाही ते पुढे भरून काढणं कठीण. तीन महिने पाळी आली नाही किंवा पंधरा वर्षं पूर्ण होऊनही सुरूच झाली नाही, तर थायरॉइड, पीसीओएस, गरोदरपण हेही तपासावं लागतं.

गोळ्यांबद्दल थोडं. कळांसाठी मेफेनामिक ॲसिड किंवा आयब्युप्रोफेन डॉक्टरांना विचारून, दुखणं सुरू होताच, पोटात काही असताना घ्या. भर उन्हात पाणी कमी पडलेलं असताना या गोळ्या मूत्रपिंडाला महागात पडू शकतात. घरात गणपतीची चवथ आली की पाळी पुढे ढकलायची गोळी मागवली जाते, तीच मग स्पर्धेसाठीही घेतली जाते. नॉरइथिस्टेरॉन ती. पोट फुगतं, मळमळतं, काही जणींना रक्ताच्या गुठळीचा धोका असतो. मोठ्या स्पर्धेत ती पहिल्यांदा करून बघू नका. डोपिंगच्या बंदी यादीत ती नाही, पण लघवीत नँड्रोलोन या बंदी असलेल्या औषधासारखाच अवशेष दिसू शकतो, म्हणून डोप चाचणीच्या फॉर्मवर तिचं नाव लिहा.

गुडघ्याची दुखापत टाळायला चक्राचे दिवस मोजण्यापेक्षा ‘फिफा ११+’ हा फुटबॉलपटूंसाठी बनवलेला वीस मिनिटांचा वॉर्मअप आठवड्यातून निदान दोनदा, वर्षभर करा.

आणि स्पर्धा भरवणाऱ्यांना: विम्बल्डनने २०२३ पासून पांढऱ्या स्कर्टखाली गडद अंडरशॉर्ट चालवून घेतली. आपल्या शाळांच्या फुटबॉल संघांची पांढरी शॉर्ट बदलायला कुणाची परवानगी लागते? मैदानाजवळ कडी लागणारं, पाणी असलेलं, आत झाकणाची कचरापेटी ठेवलेलं एक टॉयलेट हवं. आणि बर्फाच्या पिशवीशेजारी, मुलींना मागायला न लागता उचलता येईल अशा जागी, पॅडचं एक पाकीट.