फॉकलंडचे गव्हर्नर रेक्स हंट पळाले नव्हते

आयएनएस विराटचा मोठा फोटो आणि खाली फॉकलंड युद्धाची गोष्ट, अशी एक मराठी पोस्ट सध्या सगळीकडे फिरतीये. (फॉकलंड म्हणजे दक्षिण अटलांटिकमधली ब्रिटनच्या ताब्यातली बेटं, अर्जेंटिना त्यांच्यावर हक्क सांगतो आणि 1982 ला त्याने ती हल्ला करून घेतली, त्यावरून हे युद्ध झालं.) विराटचं जे कौतुक केलंय त्याबद्दल काही म्हणणं नाही, ते जहाज आधी ब्रिटनचं हर्मिस होतं, 1982 च्या युद्धात ब्रिटिश ताफ्याचं मुख्य जहाज होतं, 1987 ला आपल्या नौदलात आलं आणि 2017 ला मुंबईत निवृत्त झालं, हे सगळं बरोबर आहे. पण अर्धी पोस्ट ज्या माणसावर आहे, म्हणजे तिथले तेव्हाचे गव्हर्नर रेक्स हंट, त्यांच्याबद्दल जे लिहिलंय ते वाचून खरंच राग आला. लोक खाली हसायच्या इमोजी टाकतायत आणि पुढे पाठवतायत.

पोस्टचं म्हणणं थोडक्यात असं: हंट हा आयुष्यभर खुर्ची उबवलेला बाबू, सैन्याशी काही संबंध नाही. हल्ला होणार हे माहीत असून झोपून राहिला. एकही गोळी न झाडता दोन तासात बेटं देऊन टाकली, गोव्याचा पोर्तुगीज गव्हर्नर तरी 36 तास टिकला. मग पिसांची टोपी घालून टॅक्सीत बसून पळाला, आणि या पराक्रमाबद्दल ब्रिटनने त्याला ‘सर’ केलं. शेवटी म्हणे विराट त्याच्या सुटकेसाठीच तिकडे गेली.

आता एकेक बघू.

आधी ते ‘बाबू’. हंट यांचा जन्म 1926 चा, इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्यावरच्या रेडकारचा. 1944 ला रॉयल एअर फोर्समध्ये गेले, पायलट झाले, स्पिटफायर उडवली, काही काळ तर भारतातल्या स्क्वाड्रनमध्ये होते. 1948 ला बाहेर पडले. आता प्रामाणिकपणे सांगायचं तर प्रत्यक्ष लढाई त्यांच्या वाट्याला आली नाही, ट्रेनिंग होईपर्यंत महायुद्ध संपलं होतं, त्यामुळे त्यांना मोठा युद्धवीर वगैरे म्हणायची गरज नाही. पण ‘सैन्याशी संबंध नाही’ हे साफ खोटं. त्यानंतर ऑक्सफर्डला कायदा शिकले, 1951 ला युगांडात वसाहत प्रशासनात गेले, तिथे डिस्ट्रिक्ट कमिशनरपर्यंत पोचले, युगांडा स्वतंत्र झाल्यावर 1963 पासून परराष्ट्र खात्याच्या कामात आले. पुढे बोर्निओ, ब्रुनेई, अंकारा, जकार्ता, सायगाव, क्वालालंपूर. यातलं सायगाव लक्षात ठेवा. 1975 मध्ये उत्तर व्हिएतनामचं सैन्य शहराच्या तोंडाशी आलं आणि ब्रिटिश दूतावास बंद करून माणसं बाहेर काढली, त्या काळात हंट तिथेच कौन्सिलर होते. म्हणजे एखादी राजधानी पडायला येते तेव्हा काय होतं हे या माणसाने जवळून बघितलेलं होतं. 1980 ला फॉकलंडला पाठवला तो असा माणूस, नुसता फायली सरकवणारा नाही.

दुसरा मुद्दा, माहीत असून झोपून राहिले. यात पोस्ट लिहिणाऱ्याने लंडनची चूक उचलून स्टॅन्लेच्या, म्हणजे बेटांच्या राजधानीतल्या गव्हर्नरच्या, माथी मारलीये. थोडी मागची गोष्ट सांगतो कारण ती न सांगता हा आरोप खोडता येत नाही. फॉकलंडची वस्ती तेव्हा अठराशेच्या आसपास, मेंढ्या त्याच्या कितीतरी पट, इंग्लंडपासून अंतर जवळपास 13,000 किलोमीटर. लंडनला हे लोढणं वाटायला लागलं होतं. नोव्हेंबर 1980 मध्ये निकोलस रिडली नावाचे राज्यमंत्री बेटावर आले आणि प्रस्ताव मांडला की बेटांची मालकी अर्जेंटिनाला द्यायची आणि मग लांबच्या मुदतीच्या भाड्याने परत घ्यायची. लोकांनी त्यांना तिथेच सुनावलं आणि पुढच्या महिन्यात संसदेत पण त्यांची चांगलीच धुलाई झाली. हंट यांच्याकडून लंडनची अपेक्षा होती की बेटवासीयांना हळूहळू अर्जेंटिनाच्या जवळ न्यावं, पण त्यांनी तिथे राहून जे बघितलं तेच कळवलं, की ही माणसं हे कधीच मान्य करणार नाहीत. परराष्ट्र खात्यातल्या काहींना हे अजिबात आवडलं नाही, हा तिकडच्यांचाच झाला म्हणून कुजबुज सुरू झाली. मला तर वाटतं राजदूताच्या कामातला सगळ्यात अवघड भाग हाच, वरच्यांना नको असलेलं खरं कळवणं.

त्यात 1981 च्या संरक्षण कपातीत ठरलं की त्या समुद्रातलं एकमेव गस्ती जहाज एंड्युरन्स पण काढून घ्यायचं. ब्युनोस आयर्समधल्या लष्करी राजवटीने यातून काय अर्थ काढला असेल तुम्हीच बघा. मार्च 1982 ला साउथ जॉर्जिया या ब्रिटनच्याच दुसऱ्या बेटावर भंगार काढायच्या नावाखाली अर्जेंटिनाची माणसं उतरली तेव्हा एंड्युरन्स काही मरीन (समुद्रावरून उतरून जमिनीवर लढणारे सैनिक) घेऊन तिकडे गेलं, म्हणजे स्टॅन्लेत होती ती माणसं पण कमी झाली. आणि लंडनहून पक्की खबर कधी आली? 1 एप्रिलला दुपारी साडेतीनच्या सुमारास. तार अशी की उद्या पहाटे अर्जेंटिनाचा ताफा स्टॅन्लेजवळच्या केप पेम्ब्रोकपाशी जमेल असं दिसतंय, तुम्ही त्यानुसार तयारी करालच. बास, एवढंच. मदत येतीये, काय करायचं, किती वेळ टिकायचं, काही नाही. झोपायला वेळ होता कुठे! हंट यांनी मरीनच्या मेजरना बोलावलं, संध्याकाळी रेडिओवरून लोकांना स्वतः सांगितलं, गावातल्या अर्जेंटिनाच्या लोकांना ताब्यात घ्यायला लावलं, आणीबाणी जाहीर केली. बेटावरचं छोटं रेडिओ स्टेशन रात्रभर चालू होतं आणि गव्हर्नर मधेमधे फोन करून काय चाललंय ते लोकांना सांगत होते.

आता मुख्य आरोप, एकही गोळी न झाडता. हे तर इतकं चुकीचं आहे की लिहिणाऱ्याने एक साधा लेख पण वाचला नसावा. स्टॅन्लेत मरीन आणि नौसैनिक मिळून 70 च्या आसपास, वर वीस-पंचवीस स्थानिक स्वयंसेवक, ज्यातले बहुतेक दिवसा दुसरी नोकरी करणारे. रणगाडे नाहीत, तोफा नाहीत, विमानं नाहीत. 2 एप्रिलला पहाटे अर्जेंटिनाचे कमांडो आधी मरीनच्या मूडी ब्रूकच्या बराकींवर तुटून पडले, त्या मरीनचे मेजर नॉर्मन यांनी आधीच रिकाम्या केल्या होत्या. मग गव्हर्नमेंट हाउसवर, म्हणजे गव्हर्नरच्या घरावर, हल्ला. ते काही किल्ला वगैरे नाही, मोठं बंगलेवजा घर, काचेची खोली, बाग. आत गव्हर्नर पिस्तूल घेऊन टेबलाखाली आणि सभोवती मरीन गोळीबार करतायत. कॅप्टन जियाकिनो नावाचा अर्जेंटिनाचा अधिकारी घरामागच्या नोकरांच्या भागातून आत घुसायला गेला, त्याला गोळ्या लागल्या आणि तो त्यातच गेला, त्या युद्धातला अर्जेंटिनाच्या बाजूचा पहिल्या काही मृतांपैकी एक. त्याच्याबरोबरचे तिघं वरच्या मजल्यावर लपून बसले होते, ते पायांच्या आवाजावरून कळलं, मरीनचे दुसरे मेजर नूट यांनी छतात गोळ्या झाडल्या आणि तिघं हात वर करून खाली आले. म्हणजे शरणागतीच्या आधी या ‘पळपुट्या’ गव्हर्नरच्या घरात शत्रूचे तीन कैदी होते!

मग शरण का गेले? कारण तोपर्यंत जवळच्या यॉर्क बे किनाऱ्यावर अर्जेंटिनाच्या चिलखती गाड्या उतरून गावातून वर येत होत्या आणि मरीनकडे जे होतं त्याने त्यांना फार वेळ थोपवता येणार नव्हतं. डोंगराकडे निसटून लढत राहायचा विचारही झाला. पण स्टॅन्ले लाकडी आणि पत्र्याच्या घरांचं गाव, प्रत्येक घरात बायकामुलं, आणि गव्हर्नर हाच कागदोपत्री तिथला कमांडर-इन-चीफ, निर्णय त्यांनाच घ्यायचा होता. सकाळी साडेनवाच्या सुमारास त्यांनी हत्यारं खाली ठेवायला सांगितली. बोलणी कशी झाली ते बघा, चीफ सेक्रेटरी आणि अर्जेंटिनाचा एक हवाई दलाचा अधिकारी जो गावात त्यांच्या विमानसेवेचं ऑफिस बघायचा, असे दोघं छत्रीला पांढरं कापड बांधून रस्त्याने चालत गेले, दोन्हीकडच्या बंदुका रोखलेल्या असताना. नंतर अर्जेंटिनाचे ॲडमिरल बुसेर आत आले, हात पुढे केला, हंट यांनी तो हातात घेतला नाही. तुम्ही इथे बेकायदेशीर आलायत, निघून जा, असं समोर उभं राहून सांगितलं, आणि तेव्हा त्या माणसाकडे ना सैन्य उरलं होतं ना झेंडा.

जूनमध्ये खरी लढाई स्टॅन्लेपर्यंत आली तेव्हा काय झालं हे पण सांगतो, तीन बेटवासी बायका एका घरात आसऱ्याला असताना तोफगोळ्याने गेल्या, आणि तो गोळा ब्रिटिश जहाजाचा होता. पूर्ण युद्धात बेटवासीयांपैकी मेलेल्या फक्त त्या तिघी. 2 एप्रिलला गव्हर्नरनी गल्लीगल्लीत लढायचा हुकूम दिला असता तर हा आकडा तीनवर थांबला असता का?

गोव्याची तुलना मला सगळ्यात जास्त खटकली, कारण गोव्याचा इतिहास तरी आपल्याला माहीत असायला हवा. तिथले पोर्तुगीज गव्हर्नर जनरल व्हासालो ई सिल्व्हा यांच्याकडे तीन हजारांवर सैनिक होते, गोवा केवढा आणि स्टॅन्ले केवढं, तासांची तुलना कशी करता? शिवाय त्या 36 तासांत त्यांनी जे केलं ते ‘टिकणं’ नव्हतं. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझारचा हुकूम होता की पोर्तुगीज सैनिक एकतर जिंकतील नाहीतर मरतील, तिसरं काही नाही. व्हासालो ई सिल्व्हांनी तो मानला नाही आणि 19 डिसेंबर 1961 ला शरणागती दिली, म्हणून पणजी आणि इतर गावं वाचली. त्याबद्दल सालाझारने त्यांना सैन्यातून हाकललं, 1974 च्या क्रांतीनंतर मान परत मिळाला. एक फरक मात्र ठामपणे सांगितला पाहिजे, नाहीतर कुणी म्हणेल दोन्ही सारखंच. गोव्यात लोकांना पोर्तुगाल नको होता, त्यासाठी लोक तुरुंगात गेले, गोळ्या खाल्ल्या. फॉकलंडच्या लोकांना ब्रिटन हवा होता, 2013 च्या सार्वमतात 1,513 जणांनी होय म्हटलं आणि फक्त 3 जणांनी नाही. त्यामुळे आपली सहानुभूती गोव्यात एका बाजूला आणि फॉकलंडमध्ये दुसऱ्या बाजूला असणं यात काही विसंगती नाही.

टोपी आणि टॅक्सी. हो, दोन्ही खरं आहे. गव्हर्नरची सरकारी गाडी म्हणून तिथे लंडनची एक लाल टॅक्सी होती, दुसरी आलिशान गाडी नव्हती. त्याच दिवशी अर्जेंटिनाने त्यांना बेटाबाहेर काढलं, म्हणजे हद्दपार केलं, पळून जाणं वेगळं. निघताना त्यांनी राणीच्या प्रतिनिधीचा पूर्ण गणवेश घातला, तलवार, पिसांची टोपी सगळं, आणि झेंडा लावलेल्या गाडीतून बायकोमुलासकट विमानतळावर गेले. रस्त्याकडेला आपलीच माणसं उभी, रडतायत. ज्यांच्याकडे तुम्ही दोन वर्षं राणीच्या नावाने कारभार केला त्यांच्यासमोरून मान खाली घालून साध्या कोटात जायचं का? तो गणवेश सांगत होता की गव्हर्नर अजून गव्हर्नर आहे. लंडनमधल्या काही लोकांनी पण तेव्हा नाकं मुरडली, पण ते लोक लंडनमध्ये होते.

‘सर’ किताबाचं सांगून संपवतो. तो 1982 मध्येच मिळाला हे खरं, पण शरणागतीबद्दल नाही. 14 जूनला अर्जेंटिनाचं सैन्य शरण आलं, मेजर नॉर्मन आपल्या कंपनीसह परत आले होते आणि गव्हर्नमेंट हाउसवर पुन्हा झेंडा चढवणारी माणसं तीच होती. हंट 25 जूनला परतले. काम काय होतं तर सुरुंगांनी भरलेली शेतं, पाण्याची बोंब, घरं फुटलेली, आणि बेटावर लोकांपेक्षा सैनिक कितीतरी जास्त. लष्करासाठी वेगळा कमिशनर नेमला होता म्हणून हंट यांचं पद आधी सिव्हिल कमिशनर होतं, 1985 ला पुन्हा गव्हर्नर झालं आणि त्याच वर्षी ते निवृत्त झाले. याच काळात, 1983 ला, बेटवासीयांना पूर्ण ब्रिटिश नागरिकत्व मिळालं, जे 1981 च्या कायद्याने त्यांच्यातल्या बऱ्याच जणांना नाकारलं होतं. 2012 ला वारले तोपर्यंत त्यांचा फॉकलंडशी संबंध सुटला नाही.

आणि विराट, म्हणजे हर्मिस, त्यांच्या सुटकेला गेली नव्हती, ती पोर्ट्समथहून 5 एप्रिलला निघाली, हंट त्याच सुमारास मॉन्टेव्हिडिओमार्गे इंग्लंडला पोचले होते. ती गेली मागे राहिलेल्या अठराशे लोकांसाठी. विराटचा फोटो पाठवायचाय तर जरूर पाठवा, फक्त त्याखालचा गव्हर्नरचा भाग काढून पाठवा.