बाईकवाल्याचा हात नक्की काय सांगतोय ते जरा समजून घ्या

बाईकवाल्याने हात बाहेर काढला की मागच्या कारमधल्या निम्म्या लोकांना वाटतं हा हिरोगिरी करतोय आणि उरलेल्यांना वाटतं हा आपल्यालाच काहीतरी बोलला. मग लगेच हॉर्न. मी बाईक पण चालवते आणि कार पण, त्यामुळे दोन्हीकडची चिडचिड मला माहितीये, पण या एका बाबतीत दोष जास्त कारवाल्यांचा आहे असं माझं स्पष्ट मत आहे. लायसन्सच्या परीक्षेपुरते हाताचे इशारे पाठ करायचे आणि नंतर इंडिकेटर आहेत की म्हणून विसरून जायचे, हे सगळ्यांनीच केलंय. आणि मग समोरच्या बाईकवरचा हात हलला की काय बोलतोय हा, काही कळत नाही.

आधी एक साधी गोष्ट बघा. बाईकवर उजवा हात कायम अडकलेला असतो. ॲक्सिलरेटर त्याच हातात, पुढचा ब्रेक पण त्याच हातात. मूठ सोडली की स्प्रिंगमुळे ॲक्सिलरेटर आपोआप बंद होतो आणि गाडीचा वेग पडायला लागतो. डावा हात क्लचवर असतो, पण एकदा गिअर पडला की त्याला तसं काही काम नसतं, म्हणून बाईकवाल्यांचे आपापसातले बहुतेक इशारे डाव्या हाताने असतात, कुठल्याही देशात गेलात तरी. बिनगिअरच्या स्कूटरचं मात्र वेगळं, तिथे डाव्या हातात मागचा ब्रेक असतो, त्यामुळे स्कूटरवरचा माणूस हात दाखवतो तेव्हा तेवढा वेळ मागचा ब्रेक सोडून बसलेला असतो. म्हणून त्याचा हात पटकन बाहेर येतो आणि पटकन आत जातो, तेवढ्यात दिसला तर दिसला. आळशीपणा नाहीये तो.

आता पुस्तकातल्या इशाऱ्यांची गंमत अशी आहे की ते मुळात कारच्या खिडकीतून दाखवायला बनलेत. भारतात ड्रायव्हर उजवीकडे बसतो म्हणून १९८९ च्या वाहतूक नियमावलीत (२०१७ मध्ये तिच्या जागी नवी आली) सगळं उजव्या हाताने सांगितलं होतं. उजवीकडे वळायचं तर हात सरळ आडवा, तळवा पुढे. डावीकडे वळायचं तरी हात उजवाच, तो घड्याळाच्या उलट्या दिशेने गोल फिरवायचा. हळू होतोय तर तळवा खाली करून हात वरखाली, आणि थांबतोय तर हात कोपरापासून उभा. कारमध्ये बसून ठीकच आहे हो, पण बाईकवर डावं वळण तोंडावर आलंय आणि माणूस ॲक्सिलरेटर आणि पुढचा ब्रेक सोडून हात गोल गोल फिरवतोय असं चित्र डोळ्यापुढे आणा, हसू येतं की नाही! म्हणून प्रत्यक्षात रस्त्यावर डावीकडे जाणारा सरळ डावा हात बाहेर काढतो आणि मागच्याला ते न शिकता कळतं. अमेरिकेत ड्रायव्हर डावीकडे बसतो, त्यामुळे तिथे पुस्तकातला हात डावाच आहे, सरळ बाहेर म्हणजे डावीकडे आणि कोपरातून वर वाकवला म्हणजे उजवीकडे. तिथल्या बाईकवाल्यांना हे आयतंच मिळालं, मोकळा हात आणि नियमातला हात एकच.

पण यात एक घोळ आहे बघा. उभा केलेला हात. एका ठिकाणी त्याचा अर्थ थांबतोय, दुसऱ्या ठिकाणी उजवीकडे वळतोय, आणि ग्रुपने चाललेल्या बाईकवाल्यांमध्ये सगळ्यात पुढच्याने हात उभा करून तळवा समोर धरला तर माझ्या मागे या. त्याच हाताचं एकच बोट वर असेल तर एका रांगेत चला, दोन बोटं असतील तर जोडीने चला. म्हणजे नुसता हात बघून अर्थ लावायला गेलात तर फसणार. माझा स्वतःचा नियम असा की आधी बघायचं हात कोणाला दाखवलाय. मागच्या गाडीला, समोरून येणाऱ्याला, का आपल्याच टोळीला? हे एकदा कळलं की अर्धं कोडं तिथेच सुटतं. एकटा बाईकवाला असेल आणि पुढे चौक असेल तर तो हात तुमच्यासाठीच आहे. पुढे सहा-सात बाईक सारख्या अंतराने चालल्या असतील तर बहुतेक वेळा तुमच्यासाठी नाही, पण वाचता आला तर फायदा तुमचाच.

ग्रुपचं जरा सविस्तर सांगते कारण तिथेच कारवाले सगळ्यात जास्त वैतागतात. या बाईक एकामागे एक सरळ नसतात, एक लेनच्या डाव्या भागात, पुढची उजव्या भागात अशा तिरक्या चालतात. शिकवताना सांगतात की तिरक्या पुढच्या बाईकपासून निदान एक सेकंद आणि आपल्याच रेषेतल्या पुढच्या बाईकपासून निदान दोन सेकंद अंतर ठेवा. बाहेरून बघणाऱ्याला वाटतं काय लेन अडवून चाललेत, मध्ये एवढी जागा आहे तर घुसूया. ती जागा रिकामी नाहीये, ते ब्रेकिंगचं अंतर आहे, आणि आजूबाजूला सरकायची सोय पण.

आता पुढच्याचा हात बघा. समजा रस्त्यात डावीकडे खड्डा आहे, तो डाव्या हाताने खाली बोट दाखवतो. उजवीकडे खडी पडलीये, तर उजवा हात सोडता येत नाही, मग उजवा पाय फूटरेस्टवरून काढून खाली बाहेर धरतो. पहिल्याचा पाय बाहेर येतो, मग दुसऱ्याचा, मग तिसऱ्याचा, असं करत करत शेवटच्या बाईकपर्यंत येतं, प्रत्येकजण थोडासा डावीकडे सरकतो आणि पाय परत आत. कारमधले म्हणतात पाय आखडले वाटतं बिचाऱ्यांचे. अहो नाही! ती तुमच्या उजव्या चाकाखाली येणाऱ्या खडीची आगाऊ सूचना आहे, फुकट मिळतेय, घ्या की. शेवटच्या बाईकचा पाय बाहेर आला की मी कारमध्ये असले तरी आपोआप वेग कमी करते आणि बऱ्याचदा खरंच काहीतरी निघतं, फुटलेली काच, सांडलेलं ऑइल, नाहीतर डांबर उखडलेलं.

एक बोट वर आलं की समजायचं पुढे रस्ता अरुंद होतोय किंवा वळणं आहेत आणि हे सगळे आता एका रांगेत येणार. म्हणजे ती रांग लांबणार, जवळपास दुप्पट होणार. त्या वेळी ओव्हरटेक सुरू केला असेल तर तुमचा हिशोब चुकला म्हणून समजा. आणि टाकीकडे बोट केलं, किंवा अंगठा तोंडाकडे नेला, किंवा मूठ वळून वरखाली केली, तर अनुक्रमे पेट्रोल, तहान आणि... निसर्गाची हाक, असं समजा. तुम्हाला काय करायचंय त्याचं? करायचंय हो, कारण पुढच्या पंपापाशी हे सगळे एकदम वळणार आहेत.

आता माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा इशारा. हात बाजूला काढून तळवा खाली करून हवेत थोपटल्यासारखं करणं, म्हणजे वेग कमी करतोय. लोक म्हणतात ब्रेकलाइट आहे ना, मग हाताची काय गरज. गरज अशी की ब्रेकलाइट ब्रेक दाबला तरच लागतो. बाईकवाला नुसता ॲक्सिलरेटर सोडून गिअर खाली टाकतो तेव्हा इंजिनच गाडीला मागे ओढतं, गाडी हलकी असल्यामुळे वेग चांगलाच पडतो, आणि मागे लाल दिवा साफ बंद! तुम्ही मागून दिवा बघत बसलात तर अंतर कधी संपलं कळणारच नाही. त्या मधल्या दोन-तीन सेकंदांत तुम्हाला सांगायला त्याच्याकडे हातच आहे. ब्रिटनच्या हायवे कोडमध्ये, म्हणजे तिथल्या रस्त्याच्या नियमांच्या पुस्तकात पण हाताचे इशारे इंडिकेटर आणि ब्रेकलाइटला जोड म्हणून दिलेत, नुसते दिवे बंद पडल्यावर वापरायचे म्हणून नाही, हे मला फार पटतं.

पण याची दुसरी बाजू पण ऐका. खरी इमर्जन्सी असते तेव्हा हात येणारच नाही. कुत्रं आडवं आलं तर दोन्ही हात लिव्हरवर असतात. हात दाखवून हळू होतोय म्हणजे त्याने ठरवून वेग कमी केलाय, सगळं कंट्रोलमध्ये आहे. हात न दाखवता बाईक अचानक खाली दबली, पुढचं सस्पेन्शन बसलं, तर तुम्ही पण ब्रेकवर पाय न्या, इशाऱ्याची वाट बघू नका. तसंच पावसात, वळणात, खराब रस्त्यावर हात सुटत नाही. आणि रात्री? काळं जॅकेट, काळे ग्लोव्हज, कसला हात आणि कसलं काय. रात्री हात दाखवून मी सांगितलं होतं म्हणणाऱ्या बाईकवाल्यांना पण माझा पाठिंबा नाही, गुपचूप इंडिकेटर लावा.

इंडिकेटरवरून आठवलं, समोरून येणारा किंवा बाजूने जाणारा बाईकवाला हाताची बोटं उघडमीट करत असेल तर तो टाटा करत नाहीये. तुझा इंडिकेटर चालू राहिलाय, असं सांगतोय. कारमध्ये स्टिअरिंग सरळ झालं की इंडिकेटर बंद होतो, बऱ्याचशा बाईकवर तसं काही नसतं, स्वतः बटण दाबून बंद करावा लागतो, आणि हेल्मेट, वारा, इंजिनचा आवाज यात टिकटिक ऐकू येत नाही. म्हणून कारवाल्यांना माझी कळकळीची विनंती, तुम्ही बाजूच्या रस्त्यावरून बाहेर पडताय आणि येणाऱ्या बाईकचा इंडिकेटर लुकलुकतोय, तर तो वळणारच असं धरून गाडी पुढे काढू नका. वेग कमी झाला का बघा, डोकं वळलं का बघा, पुढचं चाक बघा. त्या दिव्याचा अर्थ कधीकधी एवढाच असतो की मागच्या चौकात तो वळला होता.

डोक्यावर टपली मारल्यासारखा इशारा पण असाच दोन अर्थांचा. समोरून येणाऱ्याने हेल्मेटवर हात थोपटला तर बऱ्याच देशांत त्याचा अर्थ पुढे पोलीस उभे आहेत. आपल्याच ग्रुपमधल्याने केलं तर तुझा हाय बीम बघ. पहिल्या अर्थाबद्दल माझं मत विचारू नका, वेगमर्यादेत चालवत असाल तर तुम्हाला फरक पडायचं कारण नाही. आणि तुम्ही कारमधून एखाद्या बाईकवाल्याला खाली बोट दाखवून स्टँड स्टँड ओरडत असाल तर जरूर ओरडा, त्याबद्दल कोणी रागावत नाही. साइड स्टँड डाव्या बाजूला असतो आणि डावीकडे वळताना गाडी तिकडेच कलते, तो जमिनीला लागला की माणूस आडवा.

एक इशारा मात्र मी कधीच मानत नाही, कोणी कितीही प्रेमाने केला तरी. पुढच्याने हात मागून पुढे हलवून जा जा म्हणणं. १९८९ च्या त्या नियमावलीत हा इशारा पण होता, म्हणजे काही रस्त्यावरच्या लोकांनी काढलेलं खूळ नाही. पण विचार करा, त्याला फक्त पुढचा रस्ता दिसतोय, तुमची गाडी किती जड, तुमच्या मागून कोण येतंय, तुम्हाला पुढे जायला किती सेकंद लागतील, यातलं काहीच त्याला माहीत नाही. त्यात डावीकडे वळायचा गोल हात आणि पुढे जा म्हणणारा अर्धगोल हात लांबून जवळपास सारखेच दिसतात. आणि ग्रुप असेल तर तो कदाचित स्वतःच्या मित्राला म्हणत असेल तू पुढे हो. मी हात वर करून थँक्यू म्हणते, आणि स्वतःच्या डोळ्यांना रस्ता रिकामा दिसेपर्यंत मागेच थांबते. मागचे वाजवू देत हॉर्न.

काही हात मात्र तुमच्यासाठी खरंच नसतात. दोन अनोळखी बाईकवाले समोरासमोर आले की नमस्कार करतात, एवढंच. जिथे गाड्या रस्त्याच्या उजवीकडून चालतात तिथे डावा हात खाली सोडून दोन बोटं दाखवतात, कारण समोरचा डाव्या बाजूनेच जातो. जिथे डावीकडून चालतात तिथे समोरचा उजव्या बाजूने जातो आणि उजवा हात तर ॲक्सिलरेटरवर, म्हणून नुसती मान हलवतात, ब्रिटनमध्ये हे हमखास दिसतं. फ्रान्समध्ये तुम्ही बाजूला सरकून वाट दिलीत तर पुढे गेलेला बाईकवाला उजवा पाय बाहेर काढतो, तो थँक्यू असतो. त्याने लाथ दाखवली म्हणून पाठलाग करायला जाऊ नका म्हणजे झालं.